आता ऑपरेटर तुम्हीच

थिएटरात अंधार कधी करायचा, आवाज किती ठेवायचा, फोकस नीट आहे का, मध्यंतर कुठे घ्यायचं, हे सगळं केबिनमधला ऑपरेटर बघायचा. आपण तिकीट काढून बसायचो. ओटीटीनं सिनेमा घरी आणला, ऑपरेटर मात्र तिकडेच राहिला. या वेळी सोलापूरहून आलेल्या पत्रांतले बरेचसे प्रश्न वरवर पाहता वेगवेगळे आहेत, पण मुळात ते त्या केबिनमधल्या कामाचेच आहेत.

आमच्या भिंतीला लागून यंत्रमागाचा कारखाना आहे. वेब सिरीज लावली की पात्रं कुजबुजतात, काही कळत नाही. आवाज वाढवावा तर लगेच गोळीबार सुरू होतो आणि वरचे घरमालक खाली येतात. जुन्या सिनेमांना हा त्रास होत नाही. टीव्ही ४३ इंची, नवाच आहे. साउंडबार घ्यावा का?
(साखर पेठ)

लगेच घेऊ नका. आधी दहा मिनिटं सेटिंगला द्या.

ओटीटीवरचा आवाज बहुधा ५.१ मध्ये मिसळलेला असतो. म्हणजे आवाजाच्या सहा वाटा, आणि त्यातली मधली वाट जवळजवळ फक्त संवादांची. थिएटरात पडद्यामागे त्यासाठी वेगळा स्पीकर असतो. तुमच्या टीव्हीला स्पीकर दोनच, तेही बहुतेक खाली तोंड केलेले. सहा नळांचं पाणी दोन नळांतून काढलं की संवाद बाकीच्या आवाजात बुडतात. त्यात थिएटरसाठीचं मिक्सिंग ८५ डेसिबलच्या पातळीवर ऐकून केलेलं असतं आणि घरी आपण त्याहून कितीतरी हळू ऐकतो. मग कुजबुज पंख्याच्या आवाजाखालीच जाते, शेजारी माग चालू असेल तर विचारायलाच नको. जुन्या सिनेमात नट स्टुडिओत माइकसमोर उभा राहून संवाद डब करायचा, आणि सगळा आवाज एकाच वाटेनं यायचा. आता बराचसा आवाज चित्रीकरणाच्या जागीच टिपतात आणि नटही घरातल्यासारखे पुटपुटतात.

आता उपाय, याच क्रमानं करा. सिनेमा चालू असताना ऑडिओचा मेनू उघडा. भाषेच्या नावापुढे ‘५.१’ असेल आणि त्याच भाषेचा साधा पर्यायही दिसत असेल, तर साधा घ्या. निम्म्या घरांत काम इथेच होतं. मग टीव्हीच्या साउंड सेटिंगमध्ये ‘मूव्ही’ मोड काढून ‘क्लिअर व्हॉइस’ किंवा ‘डायलॉग’ अशा नावाचा मोड लावा. ‘नाइट मोड’ किंवा ‘ऑटो व्हॉल्यूम’ असेल तर तोही चालू करा. त्यानं मोठे आवाज दबतात, बारीक वर येतात. सिनेमाच्या आवाजातला चढउतार त्यात सपाट होतो हे खरं, पण मागाच्या खटखटीत तो तसाही तुम्हाला मिळत नाहीये. टीव्ही शोकेसच्या कप्प्यात आत ढकलून ठेवला असेल तर कडेपर्यंत पुढे ओढा. खाली तोंड असलेल्या स्पीकरचा आवाज कप्प्याच्या फळीवर आपटून घुमतो आणि शब्द फुटतात.

एवढं करून भागलं नाही, तरच साउंडबार. मग तो मधला स्पीकर असलेला, म्हणजे ३.१ किंवा त्यावरचा घ्या. २.० चा बार हे टीव्हीच्याच दोन स्पीकरांचं जरा मोठं रूप. तो ब्लूटूथनं जोडू नका, ओठ आधी हलतात आणि शब्द मागून येतात. टीव्हीमागे ज्या एचडीएमआय खाचेवर ‘एआरसी’ लिहिलंय तिथेच केबल लावा. शेजारच्या खाचेत लावली तर आवाज येणारच नाही आणि तुम्ही बार खराब म्हणून परत न्याल. बार जोडूनही कधी चित्र दिसतं पण आवाज गप्प असतो. तेव्हा टीव्हीचा डिजिटल आउटपुट ‘पास थ्रू’वरून ‘पीसीएम’वर आणा. बाराला ५.१ उलगडता येत नसेल तर हाच उपाय आहे.

टीव्ही ५५ इंची घेतला, पण सिनेमा लागला की वर-खाली काळ्या पट्ट्या. पैसे पूर्ण दिले, पडदा मात्र अर्धाच. शिवाय मोठ्या बजेटचे सिनेमेही सासू-सुनेच्या मालिकेसारखे दिसतात.
(जुळे सोलापूर)

पट्ट्या दोष नाहीत. टीव्हीचा पडदा १६:९, म्हणजे उंचीच्या १.७८ पट रुंद असतो. मोठे सिनेमे बरेचदा २.३९ पट रुंद चौकटीत चित्रित होतात. ती चौकट पूर्ण दाखवायची तर पडद्याचा साधारण पाव भाग काळा राहणारच. ‘झूम’ करून पट्ट्या घालवल्या तर चित्राच्या दोन्ही बाजूंचा मिळून पाव भाग कापला जातो. दोन माणसं समोरासमोर बोलत असतील तर दोघांचेही कान जातील.

मालिकेसारखं दिसण्याचं कारण वेगळं आणि ते मात्र बदलता येतं. सिनेमा सेकंदाला २४ चौकटींचा. टीव्ही मधल्या नसलेल्या चौकटी स्वतः रचून घालतो आणि हालचाल गुळगुळीत करतो. क्रिकेटला ते बरं, सिनेमाला नाही. एलजीमध्ये ‘ट्रूमोशन’, सोनीत ‘मोशनफ्लो’, सॅमसंगमध्ये ‘ऑटो मोशन प्लस’ या नावानं ते असतं. बंद करा. ‘फिल्ममेकर मोड’ असेल तर तोच निवडा, त्यात हे आपोआप बंद होतं. पहिले दोन दिवस चित्र जरा मंद, पिवळसर वाटेल. शोरूममधला भडक निळसर रंग डोळ्यांना सवयीचा झालेला असतो, दुसरं काही नाही.

फायबर १०० एमबीपीएसचं आहे, वर्गणीही महागातली, तरी चित्र धुरकट. पोरगा म्हणतो नेट स्लो आहे. नेटवाला म्हणतो टीव्ही जुना आहे. कुणाचं खरं?
(विजापूर रस्ता)

बहुधा दोघांचंही नाही. फुल एचडीला साधारण ५ एमबीपीएस पुरतात, फोर-केला १५. शंभरात हे सहज बसतं. तुम्ही पत्रात ‘टीव्हीला लावलेला डबा’ असा उल्लेख केलाय, संशय त्याच्यावर आहे. प्लॅटफॉर्म आपलं चित्र कुलूपबंद पाठवतात. अँड्रॉइड उपकरणांवर त्या कुलपाचं नाव वाइडवाइन. उपकरणाला ‘एल १’ दर्जा असेल तरच एचडी आणि त्यावरचं चित्र मिळतं. ‘एल ३’ असेल तर बहुतेक ठिकाणी ४८० ओळींच्या चित्रावरच थांबवतात (फुल एचडीत १०८० असतात), मग नेट हजारचं असो. स्वस्तातले बिनपरवान्याचे अँड्रॉइड डबे आणि ‘फोर-के सपोर्ट’ असं खोक्यावर छापलेले कित्येक छोटे प्रोजेक्टर एल ३ वरच असतात. नेटफ्लिक्सच्या मोबाइल ॲपमध्ये ॲप सेटिंग्जखाली ‘प्लेबॅक स्पेसिफिकेशन’ असतं, तिथे त्या मोबाइलचा हा दर्जा आणि जास्तीत जास्त रेझोल्यूशन लिहिलेलं दिसतं. डब्यावर ‘डीआरएम इन्फो’ नावाचं ॲप टाकून पाहता येईल. एल ३ निघाला तर दुरुस्तीला नेऊ नका, त्यात दुरुस्त करण्यासारखं काही नाही. टीव्हीचंच अंगचं ॲप वापरा किंवा नामवंत कंपनीची स्टिक घ्या.

डबा निर्दोष निघाला तर योजना तपासा. नेटफ्लिक्सची मोबाइल योजना ४८०, बेसिक ७२०, स्टँडर्ड १०८० आणि फोर-के फक्त प्रीमियममध्ये. शेवटी वायफाय: राउटर हॉलमध्ये, टीव्ही आतल्या खोलीत आणि मध्ये दगडी भिंत असेल तर राउटरजवळचे शंभर टीव्हीपाशी आठसुद्धा राहत नाहीत. वेग नेहमी टीव्हीशेजारी उभं राहून मोजा.

चांगला मराठी चित्रपट शुक्रवारी लागला. रविवारी जाऊ म्हटलं तर सकाळचा एकच खेळ उरलेला. मग ओटीटीवर येईल म्हणून थांबलो, वर्ष होत आलं, पत्ता नाही. हिंदी चित्रपट मात्र दोन महिन्यांत घरी येतात. मराठीनंच काय घोडं मारलंय?
(सात रस्ता)

आधी हिंदीचे दोन महिने कुठून आले ते पाहू. देशभरच्या मल्टिप्लेक्स साखळ्यांचा आग्रह आहे की हिंदी चित्रपट थिएटरात लागल्यापासून आठ आठवडे ओटीटीवर येऊ नये. आला तर त्या तो लावतच नाहीत. मोठ्या चित्रपटाचे ओटीटी हक्क प्रदर्शनाआधीच विकलेले असतात. त्यामुळे आठ आठवडे संपले की तो घरी हजर. तुम्हाला दिसते ती ही ठरलेली तारीख.

मराठीत बहुधा हा आधीचा सौदाच झालेला नसतो. करोनाच्या काळात चित्र वेगळं होतं. महाराष्ट्रातली थिएटरं मार्च २०२० मध्ये बंद झाली, नोव्हेंबरमध्ये निम्म्या खुर्च्यांवर उघडली, एप्रिल २०२१ मध्ये पुन्हा बंद झाली आणि २२ ऑक्टोबर २०२१ ला परत सुरू झाली. त्या दीड वर्षात प्लॅटफॉर्मना माल हवा होता. थिएटर न पाहिलेले चित्रपट थेट घेतले गेले, त्यात मराठीही होते. वर्गणीदार जमल्यावर हात आखडला. आता विचारतात, थिएटरात किती चालला? चालला तर भाव, नाहीतर ‘प्रेक्षक जितकी मिनिटं पाहतील तितके पैसे’. त्यात निर्मात्याच्या हाती आगाऊ काहीच पडत नाही, म्हणून तो अडून बसतो. तुमचा चित्रपट बहुधा इथेच अडकलाय.

म्हणजे घरचा पडदासुद्धा थिएटरच्या पहिल्या तीन दिवसांवर टांगलेला आहे, आणि तेच तीन दिवस मराठीला धड मिळत नाहीत. मल्टिप्लेक्सचा व्यवस्थापक सोमवारचे खेळ ठरवताना शुक्रवार-शनिवारचा भरणा बघतो. २५० खुर्च्यांच्या पडद्यावर वीस माणसं बसली, तर तो पडदा पुढच्या खेळाला दुसऱ्याचा होतो. रविवारी जाणारा प्रेक्षक त्या हिशेबात येतच नाही.

पैशाचं गणितही पाहून ठेवा. मल्टिप्लेक्सचं १५० रुपयांचं तिकीट घ्या. शंभराच्या वरच्या तिकिटावर जीएसटी १८ टक्के. तो वजा करून उरतात सुमारे १२७. निर्माते-वितरक आणि मल्टिप्लेक्स यांच्यात २००९ मध्ये हिंदीसाठी जो वाटा ठरला, त्यात पहिल्या आठवड्याला वितरकाला ५० टक्के, दुसऱ्याला साडेबेचाळीस, तिसऱ्याला साडेसदतीस आणि मग तीस. पहिल्या आठवड्याच्या दरानं १२७ मधले साधारण ६३ रुपये वितरक-निर्मात्याकडे जातात. चौथ्या आठवड्यात तेच ३८. त्यामुळे ‘गर्दी ओसरल्यावर निवांत जाऊ’ हे प्रेक्षकाला सोयीचं आहे, निर्मात्याला नाही. (शंभर किंवा त्याखालच्या तिकिटावरचा जीएसटी सप्टेंबर २०२५ मध्ये १२ वरून ५ टक्क्यांवर आला. एकपडदा थिएटरांना हा थोडा श्वास आहे.)

करायचं काय? जायचंच असेल तर गुरुवारी रात्रीपर्यंत आगाऊ बुकिंग करा. खेळ ठेवायचा की काढायचा हे ठरवताना आगाऊ आकडा सर्वांत आधी पाहिला जातो. चाळीस-पन्नास जण जमत असतील तर थिएटरच्या व्यवस्थापकाला थेट भेटा. ठरावीक खुर्च्यांची हमी दिली तर सकाळचा खास खेळ बहुतेक ठिकाणी लावून देतात, आणि महाविद्यालयांना, महिला मंडळांना ते सहज जमण्यासारखं आहे. घरी शोधताना ‘जस्टवॉच’ या संकेतस्थळावर नाव टाकून पाहा, कोणत्या प्लॅटफॉर्मवर आहे ते एका जागी कळतं. वर्गणीत नसला तरी कधीकधी चित्रपट भाड्यानं असतो. त्याला बहुधा सुरू करायला ३० दिवस आणि सुरू केल्यावर संपवायला ४८ तास मिळतात. तो लावून अर्ध्यावर सोडून गड्ड्याच्या यात्रेला जाऊ नका.

तेलुगू सुपरस्टारचा चित्रपट हिंदीत डब होऊनही मोठ्या मल्टिप्लेक्स साखळीत लागत नाही, आमच्या भागातल्या एकपडदा थिएटरात मात्र लागतो. असं का?
(अशोक चौक)

वरचाच आठ आठवड्यांचा नियम. दक्षिणेत ही मुदत बरेचदा चार आठवड्यांची असते. चौथ्या आठवड्यानंतर ओटीटीवर देण्याचा सौदा झालेला असेल, तर साखळ्या त्याची हिंदी आवृत्ती लावत नाहीत. एकपडदा थिएटरांवर तसं बंधन नाही. सोलापूरसारख्या तेलुगू समजणाऱ्या गावात त्यांना हा फायदाच आहे: मूळ तेलुगू आणि हिंदी, दोन्ही खेळ त्यांच्याकडे.

गणपतीत मंडळातर्फे प्रोजेक्टरवर सिनेमा दाखवायचा आहे. तिकीट नाही, सगळं फुकट. अध्यक्षांच्या मोबाइलवर ओटीटीची वर्गणी आहे, तिथूनच लावू म्हणतात. चालतं का?
(शेळगी)

नाही. फुकट आहे म्हणून सुटका होत नाही. वर्गणीच्या अटींत ‘वैयक्तिक, अव्यावसायिक वापर’ असं स्पष्ट असतं. मांडवातलं प्रदर्शन हे सार्वजनिक प्रदर्शन, त्याचा हक्क १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानं मालकाकडे असतो. दुसरी अडचण लोकांच्या लक्षातच येत नाही: १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानुसार सार्वजनिक प्रदर्शनाला सेन्सॉर प्रमाणपत्र लागतं. वेब सिरीजला ते नसतंच. चित्रपटाची ओटीटीवरची आवृत्तीही कधीकधी न कापलेली असते, तिला थिएटरच्या प्रतीचं प्रमाणपत्र लागू होत नाही.

आणि तंत्रही आडवं येतं. लॅपटॉपवरून जुन्या प्रोजेक्टरला एचडीएमआय लावलं की आवाज येतो, चित्र काळं. एचडीसीपी नावाच्या कुलपाची दोन्हीकडची जोडी जमली नाही की असं होतं. मंडळाची माणसं केबल बदलत बसतात, समोर पाचशे माणूस शिट्ट्या मारतो.

नीट मार्ग असा. चित्रपट सुरू होण्याआधी दिसणाऱ्या प्रमाणपत्रावर निर्मात्याचं किंवा अर्जदाराचं नाव असतं, तिथून सुरुवात करा. दीड-दोन महिने आधी लेखी विचारा: तारीख, जागा, अंदाजे प्रेक्षक, तिकीट नाही, एकच खेळ. मराठीतले लहान निर्माते, विशेषतः ज्यांचा चित्रपट थिएटरात तीनच दिवस राहिला, ते अनेकदा नाममात्र रकमेत परवानगी देतात. परवानगीबरोबर प्रमाणपत्राची प्रत आणि चित्रपटाची फाइल मागा, लिंक नको. मांडवातलं नेट ऐनवेळी दगा देतं. पोलीस परवानगी मंडळाची असतेच, तिच्यात चित्रपटाचा उल्लेख करून घ्या.

वेळ मोजून घ्या. सप्टेंबरच्या सुरुवातीला आपल्याकडे पावणेसातच्या सुमारास दिवस मावळतो, सव्वासातपर्यंत पुरेसा काळोख होतो. रात्री दहानंतर ध्वनिक्षेपक बंद. सवलतीचे दिवस असतात, पण ते त्या वर्षी जाहीर होतील तेच. म्हणजे आरती आवरून तुमच्या हातात अडीच तास. पावणेतीन तासांचा चित्रपट घेतला तर शेवट कुणीच पाहणार नाही. १२ फुटी पडद्याला पूर्ण अंधारात प्रोजेक्टरच्या उजेडाचे ३,००० ल्यूमेन्स चालतात, पण मांडवात रोषणाई असते, ४,००० च्या खाली जाऊ नका. आणि निदान पडद्याजवळच्या माळा तेवढ्या विझवा.

ॲप काढून टाकलं तरी दर महिन्याला पैसे जातातच. बँकेत विचारलं तर म्हणाले, तुम्हीच परवानगी दिली आहे.
(बाळे)

बँकेचं बरोबर आहे. ॲप काढणं म्हणजे दूधवाल्याला न सांगता दार लावून घेणं. तो बाटली ठेवून जाणारच. वर्गणी ज्या वाटेनं घेतली त्याच वाटेनं बंद करावी लागते. यूपीआयनं घेतली असेल तर त्या यूपीआय ॲपमध्ये प्रोफाइलखाली ‘ऑटोपे’ उघडा. चालू परवानग्यांची यादी दिसेल, तिथे ‘रद्द’. प्ले स्टोअरमधून घेतली असेल तर प्ले स्टोअरच्याच ‘सबस्क्रिप्शन्स’मध्ये. मोबाइल रिचार्जसोबत आली असेल तर वेगळी वजावट नसते, रिचार्ज बदलला की ती संपते. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ऑक्टोबर २०२१ पासून अशी रक्कम कापण्याच्या किमान २४ तास आधी सूचना यायला हवी. ती जाहिरातींच्या संदेशांत हरवते. १५,००० रुपयांपर्यंतच्या अशा वजावटीला दर वेळी ओटीपी लागत नाही, म्हणून ती गुपचूप झाल्यासारखी वाटते.

रद्द केल्यावर भरलेला महिना पूर्ण पाहता येतो. म्हणून घेतल्या दिवशीच रद्द करून ठेवायची सवय लावा. तीन-चार प्लॅटफॉर्म बारमाही ठेवण्यापेक्षा एका वेळी एक, पाहायचं ते संपलं की पुढचा. फक्त वार्षिक योजना स्वस्त म्हणून घ्यायच्या आधी त्यात जाहिराती आहेत का ते वाचा. प्राइम व्हिडिओवर भारतात जून २०२५ पासून जाहिराती आल्या, त्या टाळायला वेगळे पैसे लागतात.

आमच्या घरी सासूबाई तेलुगू बघतात, मी मराठी, मिस्टर कन्नड गावठी विनोद, आणि मुलं कार्टून. टीव्ही उघडला की सगळी खिचडी. सासूबाईंना तेलुगू कळतं पण वाचता येत नाही, शाळा मराठीतली. त्यांची सोय कशी करू? आणि मुलांसमोर नको ते येतं, त्याचं काय?
(विडी घरकुल)

प्रत्येकाचं वेगळं प्रोफाइल करा. नेटफ्लिक्सवर पाच होतात, प्राइमवर सहा. एकाच प्रोफाइलवर सगळे बघत राहिले तर प्लॅटफॉर्मला वाटतं की घरात एकच विचित्र माणूस राहतो, आणि तो सगळ्यांपुढे सगळंच ठेवतो. सासूबाईंच्या प्रोफाइलचं चित्र ठळक रंगाचं ठेवा, नाव त्यांना वाचता येईल असं मराठीत लिहा. त्यात ऑडिओची भाषा तेलुगू करा आणि सबटायटल्स बंद. त्यांना सबटायटल्सचा उपयोगच नाही: इंग्रजी कळत नाही, तेलुगू लिपी येत नाही आणि मराठी सबटायटल्स क्वचितच मिळतात. मूळ हिंदी मालिकेचं तेलुगू डबिंग असेल तर त्यांना तेच द्या. डबिंगला नाक मुरडणारे शहाणे पुष्कळ भेटतील, त्यांच्याकडे लक्ष देऊ नका. ‘पुढचा भाग आपोआप’ हा पर्यायही त्यांच्या प्रोफाइलवर बंद ठेवा, नाहीतर त्यांना डुलकी लागल्यावर मालिका चार भाग पुढे जाते आणि दुसऱ्या दिवशी धागा सापडत नाही.

मुलांसाठी ‘किड्स’ प्रोफाइल आणि, महत्त्वाचं म्हणजे, मोठ्यांच्या प्रत्येक प्रोफाइलला पिन. त्यातल्या एका जरी प्रोफाइलला पिन नसेल तर बाकीची कुलपं व्यर्थ. २०२१ च्या नियमांनुसार ओटीटीवर यू, यू/ए ७+, १३+, १६+ आणि ए अशी वर्गवारी प्लॅटफॉर्मनं स्वतः करायची असते, आणि १३+ पासून पुढे पालकांना कुलूप घालण्याची सोय द्यावीच लागते. थिएटरच्या चित्रपटांनाही २०२३ च्या दुरुस्तीनंतर हेच वयाचे टप्पे आहेत, पण तिथे सेन्सॉर मंडळ ठरवतं. वर्गवारी चुकीची वाटली तर ॲपमध्येच तक्रार अधिकाऱ्याचा पत्ता असतो. १५ दिवसांत निर्णय देणं त्यांना बंधनकारक आहे. तक्रारीत भाग क्रमांक आणि मिनिट लिहा, ‘घाण दाखवतात’ एवढ्यावर काही होत नाही.

‘भारतात नंबर एक’ अशी पाटी पाहून सिरीज लावतो आणि दुसऱ्या भागातच कंटाळा येतो. हा नंबर मोजतात तरी कसा?
(होटगी रस्ता)

मापटं बदलत राहतं. नेटफ्लिक्सनं २०२० मध्ये दोन मिनिटं पाहिली तरी ‘पाहिलं’ असं धरलं होतं. म्हणजे तुम्ही चुकून लावून, चहा घेऊन, बंद केलं तरी तुम्ही मोजले गेलात. २०२१ च्या अखेरीस पाहिलेले एकूण तास मोजू लागले. त्यात लांबलचक सिरीजचा आपसूक फायदा. २०२३ पासून एकूण तासांना लांबीनं भागतात. आठ तासांची सिरीज आठ कोटी तास पाहिली गेली तर एक कोटी ‘व्ह्यूज’. पण त्यातही एकानं पूर्ण पाहिली की आठ जणांनी एकेक भाग पाहून सोडली, हे कळत नाही. थिएटरच्या गल्ल्यात निदान माणूस खिशात हात घालून आलेला असायचा. याच मोजणीमुळे पहिल्याच पाच मिनिटांत खून पाडायची घाई दिसते: तुम्ही रिमोट उचलायच्या आत तुम्हाला धरायचं असतं. तुम्हाला दुसऱ्या भागात कंटाळा येतो तो बहुधा यामुळेच, सगळा दारूगोळा पहिल्यात उडालेला असतो. पाटीऐवजी लेखक-दिग्दर्शकाचं आधीचं काम पाहून निवडा.

उन्हाळ्यात संध्याकाळी लाइट जाते. इन्व्हर्टरवर टीव्ही चालतो, पण नेट बंद. राउटरला वेगळा यूपीएस मिळतो म्हणे. घ्यावा का?
(अक्कलकोट रस्ता)

आधी राउटरच इन्व्हर्टरच्या सॉकेटवर घ्या. तो आठ-दहा वॅट खातो, तुमच्या पंख्यापुढे काहीच नाही. बऱ्याच घरांत राउटर दाराजवळच्या साध्या बोर्डावर असतो, एवढीच गोष्ट. वायरिंग शक्य नसेल तर छोटा यूपीएस घ्या. ८,८०० एमएएचचा असेल तर साधारण तीन तास निघतात. घेताना राउटरच्या ॲडॅप्टरवर काय लिहिलंय ते पाहा: १२ व्होल्ट की ९. पिन दोन्हींची सारखीच बसते. ९ च्या राउटरला १२ दिले तर तो जळू शकतो.

पण पैसे घालण्याआधी एक करून बघा. लाइट गेल्यावर राउटर कसाही चालू ठेवा आणि त्यावरचा ‘लॉस’ नावाचा दिवा पाहा. तो लाल झाला तर खांबावरच्या किंवा गल्लीतल्या ऑपरेटरच्या पेटीलाच बॅकअप नाही. मग तुमच्या घरच्या यूपीएसचा उपयोग शून्य. अशा वेळी दुपारीच वायफायवर दोन भाग मोबाइलमध्ये उतरवून ठेवा. काही प्लॅटफॉर्मवर उतरवलेला भाग एकदा सुरू केला की ४८ तासांत पाहावा लागतो, तेव्हा लाइट जाईपर्यंत त्याला हात लावू नका.